वडिलांचे कुंपण, मुलाचे चित्र

अमेरिकेच्या नॉर्थ कॅरोलिना राज्यात रॅले नावाचे राजधानीचे शहर आहे. १९५६ साली तेथे राज्याचे नवे कलासंग्रहालय सुरू झाले. त्यानंतर थोड्याच दिवसांत शेजारच्या डरहॅम शहरातील एका कॉलेजचे कृष्णवर्णीय विद्यार्थी ते पाहायला आले. त्यांच्यात अठरा वर्षांचा एक धिप्पाड मुलगा होता. भिंतींवर युरोपातील थोर चित्रकारांची चित्रे होती. त्याने सगळी दालने पाहिली आणि मग संग्रहालय दाखवणाऱ्या मार्गदर्शकाला साधा प्रश्न विचारला : आमच्या निग्रो चित्रकारांची चित्रे कोठे लावली आहेत? (त्या काळी तिकडे हाच शब्द रूढ होता.) उत्तर आले की, तुमचे लोक अशा रीतीने स्वतःला व्यक्त करीत नाहीत.

हे उत्तर बहुधा शांतपणे, माहिती दिल्यासारखे दिले गेले असावे. म्हणूनच ते अधिक लागते. ‘तुमचे लोक’ हे दोन शब्द आपल्यालाही नवे नाहीत. ‘तुमच्यात मुलींना शिकवतात का?’, ‘तुम्ही मराठी इतके छान कसे बोलता?’ असे प्रश्न आपल्यापैकी पुष्कळांना शाळेत, नोकरीत, रेल्वेच्या डब्यात विचारले गेले आहेत. विचारणाऱ्याच्या मनात दुष्टावा असतोच असे नाही. त्याने आपल्याबद्दल एक समजूत करून घेतलेली असते आणि ती तपासून पाहण्याची गरज त्याला कधी वाटलेली नसते, एवढेच.

त्या मुलाचे नाव अर्नेस्ट बार्न्स. पुढे जग त्याला अर्नी बार्न्स म्हणून ओळखू लागले. तो आधी व्यावसायिक फुटबॉल खेळाडू झाला आणि नंतर चित्रकार. खेळाडूंची आणि कष्टकरी कृष्णवर्णीय माणसांची त्याने काढलेली चित्रे आज अमेरिकेत आदराने पाहिली जातात. मार्गदर्शकाच्या त्या उत्तराला त्याने आयुष्यभर काय प्रत्युत्तर दिले आणि त्या प्रत्युत्तरात त्याच्या आईवडिलांचा वाटा किती होता, हे आपल्या घरांतील थोरामोठ्यांनी आणि मुलांनी जाणून घेण्यासारखे आहे.

आईबरोबर मोठ्या घरी

अर्नेस्टचा जन्म १५ जुलै १९३८ रोजी डरहॅममध्ये झाला. डरहॅम हे तंबाखूच्या कारखान्यांचे शहर. त्याचे वडील एका मोठ्या तंबाखू कंपनीत माल रवाना करण्याच्या खात्यात कारकून होते. आई फॅनी मे शहरातील एका नामांकित वकिलाच्या घरची नोकरमाणसे आणि घरकाम सांभाळत असे. घर गरीब वस्तीत होते. त्या काळी अमेरिकेच्या दक्षिण भागात काळ्या-गोऱ्यांचा भेद कायद्यानेच पाळला जाई. शाळा वेगळ्या, बसमधल्या जागा वेगळ्या, पाणी पिण्याचे नळसुद्धा वेगळे.

आई कामावर जाताना कधी कधी मुलाला बरोबर नेई. वकील फ्रँक फुलर यांच्या घरी पुस्तकांनी भरलेली खोली होती. फुलर या मुलाला चित्रकलेची पुस्तके चाळू देत, त्यातील चित्रकारांविषयी सांगत, पाश्चात्त्य शास्त्रीय संगीत ऐकवत. त्यामुळे झाले असे की, ज्या मुलाला कायद्याने संग्रहालयाची पायरी चढता येत नव्हती, त्याला मायकेलअँजेलो, रूबेन्स, देलाक्र्वा ही नावे शाळेच्या पहिल्याच वर्षांत माहीत झाली.

यात फुलर यांचा चांगुलपणा होताच. पण मूळ गोष्ट आईची. कामाच्या घरी मूल नेणे सोपे नसते; मालकाला आवडेल का, मूल काही मोडणार तर नाही ना, हा धाक असतो. धुणीभांडी, स्वयंपाक, शिवणकाम करून मुलांना वाढवलेल्या आपल्याकडच्या आयांना हे वेगळे सांगायला नको. त्या माउलीने मुलाला जगाची एक खिडकी दाखवली आणि ती दुसऱ्याच्या घरात होती म्हणून कमीपणा मानला नाही.

गवंडीकाम शिकवणारे शिक्षक

शाळेत मात्र अर्नेस्टचे हाल होते. तो लठ्ठ आणि लाजाळू होता, खेळात मागे होता. मुले त्याला चिडवत, मारत. मग तो वही घेऊन कोपरा शोधी आणि तिथे लपून चित्रे काढत बसे.

एके दिवशी टॉमी टकर नावाच्या शिक्षकांनी त्याला असा एकटा चित्र काढताना पाहिले. टकर हे मुलांना गवंडीकाम शिकवत आणि वजन उचलण्याचा व्यायामही करून घेत. त्यांनी वही हातात घेतली, चित्रे पाहिली. मग त्याच्याशी बोलत बसले. व्यायामाने आपल्या स्वतःच्या आयुष्याला कसे वळण लागले ते त्यांनी सांगितले आणि त्यालाही शरीर कमावण्याचा मार्ग दाखवला. लक्षात घेण्याजोगी गोष्ट ही की, चित्रे सोडून दे, असे ते म्हणाले नाहीत. वही तशीच राहिली, तिच्या जोडीला व्यायाम आला.

शाळेच्या शेवटच्या वर्षी हाच मुलगा फुटबॉल संघाचा कप्तान होता आणि गोळाफेकीत राज्यात पहिला. खेळासाठी शिष्यवृत्ती देऊ करणारी २६ कॉलेजे त्याच्या मागे लागली. गावातले प्रसिद्ध ड्यूक विद्यापीठ काळ्या मुलांना घेत नव्हते, त्यामुळे तो प्रश्नच नव्हता. आईला मुलगा घरापासून दूर जाऊ द्यायचा नव्हता. घरी राहून शिकलास तर मोटार घेऊन देईन, असे तिने कबूल केले. मुलाने शाळेसमोरचेच कृष्णवर्णीयांचे कॉलेज निवडले आणि खेळाच्या शिष्यवृत्तीवर चित्रकला हा विषय घेतला. जगभरातल्या आया सारख्याच!

कॉलेजात एड विल्सन नावाचे शिल्पकार त्याचे शिक्षक होते. त्यांनी दोन गोष्टी शिकवल्या. पहिली : चित्राचा विषय शोधायला लांब जाऊ नकोस, तू ज्या गल्लीत वाढलास, जी माणसे रोज पाहतोस, तिथेच तो आहे. दुसरी : खेळताना तुझ्या स्वतःच्या शरीराला काय वाटते त्याकडे लक्ष दे. धावताना, धडकताना, पडताना स्नायू कसे ताणले जातात, तोल कुठे जातो, हे बाहेरून पाहणाऱ्याला कळणार नाही. तुला आतून कळते.

संग्रहालयातला तो प्रसंग याच काळातला. मार्गदर्शकाचे उत्तर ऐकून परतलेल्या या मुलाजवळ अशा रीतीने पुढे जायला दोन शिक्षकांचे बळ होते.

नाव पुकारले, नाव परत घेतले

अमेरिकन फुटबॉल हा आपल्या फुटबॉलहून वेगळा खेळ. यात चेंडू हातात धरून पळतात, डोक्यावर शिरस्त्राण आणि खांद्यावर जाड गाद्या बांधून खेळाडू एकमेकांवर आदळतात. तेथील व्यावसायिक संघ दरवर्षी कॉलेजांतून नवे खेळाडू निवडतात. १९५९च्या अखेरीस वॉशिंग्टनच्या संघाने बार्न्सचे नाव घेतले आणि काही मिनिटांतच परत घेतले. खेळाडू काळा आहे, हे त्यांना तेवढ्यात कळले होते. या संघाने पहिला कृष्णवर्णीय खेळाडू मैदानात उतरवला तो १९६२ साली, बाकी सगळ्या संघांनंतर. पुढे त्याच निवडीत बाल्टिमोरच्या विजेत्या संघाने बार्न्सला घेतले.

२७ डिसेंबर १९५९ रोजी बाल्टिमोरचा न्यूयॉर्कशी अजिंक्यपदाचा सामना होता. नव्या खेळाडूला संघाच्या बाकावर बसून तो पाहायला मिळाला. हजारो प्रेक्षकांचे डोळे मैदानावर होते. बार्न्सचे डोळे मात्र बाकावर बसलेल्या खेळाडूंवर खिळले : थकलेले खांदे, पुढे झुकलेली शरीरे, आपली पाळी येण्याची वाट पाहणारी माणसे. घरी येताच त्याने तासाभराच्या आत, ब्रशऐवजी सुरीने रंग लावत, ते दृश्य कॅनव्हासवर उतरवले. चित्राचे नाव ‘द बेंच’, म्हणजे बाक. पुढे अनेकांनी मागूनही त्याने हे चित्र कधी विकले नाही, मरेपर्यंत जवळ ठेवले. २०१४ साली त्याच्या पत्नीने ते फुटबॉलच्या राष्ट्रीय स्मृती-संग्रहालयाला भेट दिले.

सामना जिंकणाऱ्यापेक्षा बाकावर बसून वाट पाहणाऱ्याकडे ज्याची नजर जाते, तो पुढे कोणाची चित्रे काढणार हे तिथेच ठरले होते.

मैदानावरचे मजूर

बार्न्सला बाल्टिमोरच्या संघात जागा टिकवता आली नाही. १९६० ते १९६४ या काळात तो न्यूयॉर्क, सॅन डिएगो आणि डेन्व्हर या संघांकडून खेळला. त्याची जागा होती ‘गार्ड’ची. या जागेवरचा खेळाडू सहसा चेंडू घेऊन पळत नाही, गुण मिळवत नाही. समोरच्या खेळाडूला अंगाने रोखून धरणे आणि आपल्या सोबत्याला वाट करून देणे हे त्याचे काम. टाळ्या पळणाऱ्याला मिळतात. मार गार्ड खातो. हमालाने पोती वाहिल्याशिवाय बाजार भरत नाही, पण बाजाराच्या हिशेबात हमालाचे नाव नसते, तसेच हे.

या खेळाची दुसरी बाजूही त्याने पाहिली. ऑक्टोबर १९६०मध्ये न्यूयॉर्क संघातला त्याचा सोबती हॉवर्ड ग्लेन याचा एका सामन्यातील दुखापतीनंतर मृत्यू झाला. तोही गार्डच होता. बार्न्सने त्यानंतर संघ सोडला. खेळाडूच्या शरीराची किंमत सामना संपेपर्यंतच असते, हे त्याला कळून चुकले. पुढे त्याने फुटबॉलविषयी उघडपणे लिहिले, तेव्हा आपले या खेळावर प्रेम आहे आणि याच खेळाचा आपल्याला तिटकाराही आहे, असे सांगायला तो कचरला नाही.

खेळतानाही त्याची पेन्सिल थांबली नव्हती. सामन्यात क्षणभर विश्रांती मिळाली की, दम खात असतानाच तो एखादी खूण, दोन शब्द टिपून ठेवी : समोरचा कसा उभा होता, कोणती ओळ कशी वाकली. डेन्व्हरच्या प्रशिक्षकांनी संघाच्या बैठकीत चित्रे काढतो म्हणून त्याला दंडही केला. सोबती त्याला गमतीने ‘थोरला रेम्ब्राँ’ म्हणत. दंड भरला, टोपणनाव मिरवले, चित्रे चालू ठेवली.

१९६५ साली कॅनडात एका सराव सामन्यात त्याच्या पायाचे हाड मोडले आणि खेळ संपला. वय २७. हाताशी एकच हुन्नर उरला होता.

तो संघमालकांच्या बैठकीच्या गावी गेला आणि मला तुमचा चित्रकार म्हणून ठेवा, अशी मागणी त्याने केली. न्यूयॉर्क संघाचे मालक सनी वर्बलिन यांनी त्याची चित्रे कलासमीक्षकांना दाखवली. जॉर्ज बेलोज यांच्यानंतर खेळाचे इतके बोलके चित्रण कोणी केले नाही, असा त्यांचा अभिप्राय पडला. बेलोज हे विसाव्या शतकाच्या सुरुवातीचे अमेरिकन चित्रकार; न्यूयॉर्कच्या गरीब वस्त्या आणि मुष्टियुद्धाचे अड्डे त्यांनी रंगवले आणि तरुणपणी तेही चांगले खेळाडू होते. वर्बलिन यांनी बार्न्सला खेळाडूप्रमाणे पगारावर ठेवले, फक्त काम दिले चित्रे काढण्याचे. हा तोच संघ होता, जो सोबत्याच्या मृत्यूनंतर बार्न्सने सोडला होता. मधल्या काळात त्याचे मालक आणि नाव बदलले होते.

कुंपण

नोव्हेंबर १९६६मध्ये न्यूयॉर्कच्या ग्रँड सेंट्रल आर्ट गॅलरीत बार्न्सचे पहिले एकट्याचे प्रदर्शन ठरले. त्या तयारीच्या दिवसांत तो डरहॅमला घरी गेला. वडील पक्षाघाताने हॉस्पिटलात होते. घराभोवतीचे लाकडी कुंपण वडील नेहमी स्वतः रंगवून नीटनेटके ठेवत. आता त्याकडे पाहणारे कोणी नव्हते. रंग उडाला होता, फळ्या ऊनपावसाने करड्या पडल्या होत्या.

बार्न्सने सहज आपले एक चित्र त्या कुंपणाला टेकवून ठेवले आणि चार पावले मागे येऊन पाहिले. चित्र आणि ते जुने लाकूड एकमेकांसाठीच असल्यासारखे दिसले. त्याने ठरवले की, आपल्या चित्रांना चौकट असली तर याच जातीच्या लाकडाची. न्यूयॉर्कच्या त्या प्रतिष्ठित गॅलरीत जुन्या, खरखरीत, उन्हात तडकलेल्या फळ्यांच्या चौकटी घातलेली चित्रे लागली. सगळी विकली गेली.

मोठ्या शहरातल्या मोठ्या लोकांसमोर जाताना माणूस आपल्या घरची गरिबी झाकतो. वडील काय करतात, हे विचारले की आपली शिकलेली मुलेही कधी कधी विषय बदलतात. कोणाचे अब्बा गॅरेजमध्ये असतात, कोणाचे मागावर, कोणाचे भट्टीवर. बार्न्सने उलट केले. तंबाखू कंपनीत कारकुनी करणाऱ्या वडिलांचे कुंपण त्याने सोनेरी चौकटींच्या जागी नेऊन लावले. आपल्या हाताने कमावलेल्या अन्नाहून चांगले अन्न कोणी खाल्ले नाही आणि अल्लाहचे पैगंबर दाऊद (अ.स.) आपल्या हाताच्या कमाईवर जगत, अशी हदीस आपण मुलांना शिकवतो. तिचा अर्थ मुलांच्या मनात किती उतरला आहे, हे वडिलांचा धंदा सांगताना त्यांचा आवाज खाली जातो की नाही, यावरून कळते.

‘सौंदर्य आमच्या वस्तीचे’

१९७२पासून सात वर्षे बार्न्स यांच्या ३५ चित्रांचे प्रदर्शन अमेरिकेतील शहरांतून फिरले. त्याचे नाव होते ‘द ब्यूटी ऑफ द घेटो’, म्हणजे झोपडवस्तीचे सौंदर्य. या कल्पनेमागची हकीकत मोठी बोलकी आहे. त्या सुमारास ते लॉस एंजलिस शहरात ज्यूंची वस्ती असलेल्या भागात राहत होते. शेजारी ज्यू कुटुंबे आपले सण, प्रार्थना, रीतिरिवाज किती अभिमानाने जपतात, हे ते रोज पाहत. आपल्या काळ्या समाजाकडेही अशीच जपण्याजोगी जीवनरीत आहे, ती आपण का दाखवू नये, असे त्यांच्या मनात आले. शेजाऱ्याकडे मोकळ्या नजरेने पाहिल्याने स्वतःचे घर अधिक चांगले दिसू लागले.

या चित्रांत कोण आहे? रस्त्यावर चेंडू खेळणारी पोरे. आठवडाभर राबून सुट्टीच्या दिवशी चर्चला निघालेली माणसे. पत्ते खेळत बसलेले म्हातारे. ‘माय मिस अमेरिका’ या १९७०च्या चित्रात दोन्ही हातांत जड ओझी घेऊन चाललेली एक कष्टकरी बाई आहे. तिकडे दरवर्षी सुंदर तरुणींतून ‘मिस अमेरिका’ निवडतात; बार्न्स यांनी तो मान या ओझेवाल्या बाईला दिला. लोकांच्या घरी राबून मुलगा वाढवलेल्या आईचा तो मुलगा होता, हे विसरून हे चित्र पाहताच येत नाही.

त्यांच्या चित्रांतील माणसांचे हातपाय, मान, पाठ ताणल्यासारखी लांब असतात. सोळाव्या शतकात इटलीतील काही चित्रकार अशी लांबवलेली शरीरे काढत. त्यामुळे समीक्षकांनी बार्न्स यांना त्यांच्या वाटेवरचा नवा चित्रकार म्हटले. पण हे ताणलेले शरीर त्यांना पुस्तकापेक्षा मैदानाने अधिक शिकवले. धक्का देताना, उडी मारताना, ओझे उचलताना माणूस स्वतःला आहे त्याहून लांब करतो. खेळाडू आणि मजूर त्यांच्या चित्रांत भाऊ-भाऊ वाटतात ते यामुळेच.

सत्तरच्या दशकात अमेरिकेच्या टीव्हीवर ‘गुड टाइम्स’ नावाची मालिका चाले. शिकागोतल्या गरीब कृष्णवर्णीय कुटुंबाची ती गोष्ट होती आणि त्यातला थोरला मुलगा चित्रकार होता. त्याची म्हणून दाखवली जाणारी चित्रे खरी बार्न्स यांची होती. त्यामुळे ज्यांनी जन्मात गॅलरी पाहिली नव्हती, त्या घरांतही ही चित्रे पोहोचली. १९८४च्या लॉस एंजलिस ऑलिंपिकचे अधिकृत क्रीडा-चित्रकार म्हणूनही त्यांनाच निवडले गेले.

याच काळातले आणखी एक घर आपल्या वाचकांच्या ओळखीचे आहे. मुहम्मद अली यांचे नाव माहीत नाही असे मुस्लिम घर विरळा. त्यांचे वडील लुईव्हिल शहरात दुकानांच्या पाट्या आणि जाहिरातींचे फलक रंगवत, चर्चच्या भिंतींवर चित्रे काढत. आई लोकांच्या घरी काम करी. हातात कला होती, पण त्या पिढीतल्या काळ्या माणसासाठी ती पाटीपर्यंतच जाऊ शकत होती. बार्न्स यांच्या पिढीने ती संग्रहालयापर्यंत नेली.

मिटलेले डोळे

बार्न्स यांच्या बहुतेक चित्रांत माणसांचे डोळे मिटलेले असतात. धावणारा, खेळणारा, गाणारा, ओझे नेणारा, सगळ्यांचे. पाहणाऱ्याला हे आधी खटकते. याचे कारण त्यांनी अनेकदा सांगितले होते : आपण एकमेकांच्या माणुसकीबाबत आंधळे आहोत. समोरच्याचा रंग पाहिला की आपण थांबतो. त्याच्या आत काय गुण, काय दुःख, काय देणगी आहे, तिथवर पोहोचतच नाही.

संग्रहालयातल्या त्या मार्गदर्शकाचे डोळे उघडे होते आणि तरी समोर उभा असलेला चित्रकार त्याला दिसला नाही. माणसांना वेगवेगळ्या कौमांत आणि कबिल्यांत निर्माण केले ते एकमेकांची ओळख पटावी म्हणून, असे कुरआन सांगतो. ओळख पटण्यासाठी आधी पाहावे लागते. आपल्याबद्दल लोकांनी करून घेतलेल्या समजुतींची तक्रार आपण करतो आणि ती रास्तही आहे. पण आपल्या दारात येणाऱ्या भंगारवाल्याकडे, पाणी भरणाऱ्या बाईकडे, दुसऱ्या प्रांतातून आलेल्या मजुराकडे आपण तरी किती उघड्या डोळ्यांनी पाहतो?

१९७९ साली रॅलेच्या त्याच संग्रहालयात अर्नी बार्न्स यांचे एकट्याचे प्रदर्शन भरले. राज्याचे गव्हर्नर जेम्स हंट त्याला हजर राहिले. ‘तुमचे लोक’ त्याच भिंतींवर आले होते, आणि आले ते आपल्या गल्लीतली माणसे बरोबर घेऊन.

बार्न्स २७ एप्रिल २००९ रोजी वारले. १३ वर्षांनी, मे २०२२मध्ये, त्यांचे ‘द शुगर शॅक’ हे चित्र न्यूयॉर्कमध्ये लिलावात निघाले. आठवडाभराच्या कष्टानंतर नाचगाण्यात रमलेल्या कृष्णवर्णीयांनी गच्च भरलेल्या एका सभागृहाचे ते दृश्य. लहानपणी डरहॅममध्ये चोरून आत शिरून त्यांनी ते पाहिले होते. लिलाववाल्यांचा अंदाज होता दीड ते दोन लाख डॉलरचा. बोली थांबली ती दीड कोटी डॉलरच्या वर. त्यातले काही चित्रकाराला मिळायचे नव्हते. त्याच्या मुलुखातल्या, कोणाच्या खिजगणतीत नसलेल्या माणसांना जगाने उशिरा का होईना पाहिले, एवढा अर्थ त्या आकड्याला आहे.

आपल्या घरातली वही

चित्रकलेबाबत, विशेषतः सजीवांची चित्रे काढण्याबाबत, आपल्या उलेमांची वेगवेगळी मते आहेत. प्रत्येक कुटुंबाने जाणकार आलिमांना विचारून आपले ठरवावे. या लेखाचा तो विषय नाही. कोणाचे मूल नक्षी काढील, कोणाचे कुरआनच्या आयती सुंदर अक्षरांत लिहायला शिकेल, कोणाचे घरांचे आराखडे, कोणाचे यंत्रांचे नकाशे. प्रश्न त्यामागच्या नजरेचा आहे. वहीच्या शेवटच्या पानांवर काहीतरी गिरवत बसणारे मूल बहुतेक घरांत असते आणि ती पाने दिसली की बहुतेक घरांत ओरडाच बसतो.

टकर गुरुजींनी काय केले, ते अशा वेळी आठवावे. त्यांनी वही हिसकावली नाही, आधी पाहिली. मुलाजवळ बसले. जे त्याच्याकडे होते ते राहू दिले आणि जे नव्हते ते जोडून दिले. त्यासाठी त्यांना कलेतले काही कळण्याची गरज पडली नाही. ते गवंडीकामच शिकवत होते.

दुसरी गोष्ट वडिलांसाठी. मालेगाव-भिवंडीच्या मागावर, बेकरीच्या भट्टीवर, रिक्षाच्या हँडलवर ज्यांचे आयुष्य गेले, ते अब्बा घरी आपल्या कामाविषयी सहसा बोलत नाहीत. त्यात सांगण्यासारखे काय आहे, असे त्यांना वाटते. धागा तुटला तर हाताला आधी कसे कळते, भट्टी किती तापली हे कसे ओळखतात, रात्रपाळीत झोप कशी आवरतात, हे मुलांना सांगावे. सुट्टीच्या दिवशी एकदा तरी मुलांना कामाच्या जागी नेऊन यंत्र दाखवावे. घरात राबणाऱ्या अम्मीचे काम तर मुलांच्या डोळ्यांसमोरच असते. ते मोजायला त्यांना शिकवावे. मूल पुढे चित्रकार होवो, इंजिनिअर होवो की वडिलांच्याच धंद्यात उतरो, आपण कोणाच्या मेहनतीवर उभे आहोत हे त्याला ठाऊक असावे.

बार्न्स यांच्या देहाची रक्षा दोन ठिकाणी विखुरली गेली. त्यातले एक ठिकाण म्हणजे डरहॅममधली ती जागा, जिथे एके काळी त्यांचे घर होते आणि घराभोवती वडिलांनी रंगवलेले कुंपण.